साठ दिवसांतलं उत्तर

मंडळी, बँकेच्या मागणी नोटिशीला कोर्टात आव्हान कसं द्यायचं, हा आजचा विषय. कोर्टाकडे येतोच, पण त्याआधी एका पाकिटाची गोष्ट सांगायची आहे.

वर्कशॉप चालवणारे एक गृहस्थ माझ्याकडे आले. पिशवीतून रजिस्टर एडीचं पाकीट काढलं. न फोडलेलं, कोपऱ्यावर कुंकवाचा डाग. पोस्टमनच्या हातून घेतलं आणि सरळ देव्हाऱ्यात तसबिरीमागे ठेवून दिलं होतं. “उघडलं नाही तर लागू होणार नाही असं वाटलं, साहेब.” त्याला ४१ दिवस झाले होते. तुम्ही हसलात, पण धंदा बसलेला असताना बँकेचा शिक्का बघून भल्याभल्यांचा धीर सुटतो. मी ते रोज बघतो.

पाकीट फोडलं. सरफेसी कायदा २००२, म्हणजे थकलेल्या कर्जाचं तारण बँकेला दिवाणी दाव्याशिवाय ताब्यात घेऊ देणारा कायदा. त्याचं कलम १३(२): ६० दिवसांत पूर्ण रक्कम भरा, नाहीतर तारण मालमत्तेचा ताबा. त्याच पिशवीत रबरबँड लावलेल्या दोन पावत्या निघाल्या, काउंटरवर शिक्का मारून दिलेल्या. खातेउताऱ्यात त्या रकमांचा पत्ताच नव्हता! दोन पानी हरकत लिहिली, पावत्यांच्या झेरॉक्स जोडल्या, शाखेत नेऊन दिली आणि पोच घेतली. बाराव्या दिवशी बँकेचं उत्तर आलं, रक्कम दुरुस्त करून. कर्ज उरलंच, पण खरा आकडा समोर आल्यावर हप्त्यांची बोलणी सुरू झाली.

माझा राग आहे तो यावर, की त्यांना आधी कुणीतरी सांगितलं होतं, “दिवाणी कोर्टातून स्टे आणू.” अशा सल्ल्यात लोकांचे हातातले दिवस जातात. कलम ३४ नं दिवाणी कोर्टाचं दार या बाबतीत बंद केलंय.

चिठ्ठी आली, पाच मिनिटं उरलीत. भरभर सांगतो.

नुसत्या मागणी नोटिशीवर डीआरटीत, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात, अर्ज चालत नाही. त्या टप्प्यावर आपलं हत्यार लेखी हरकत. कलम १३(३अ) प्रमाणे बँकेनं ती विचारात घ्यायची आणि मान्य नसेल तर १५ दिवसांत कारणं कळवायची. बँकेनं १३(४) खाली ताब्याचं पाऊल उचललं की डीआरटीत कलम १७ चा अर्ज, ४५ दिवसांच्या आत. मुदत मोजायची ती त्या पावलापासून. पूर्वी यासाठी ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागे. २००४ मध्ये मर्डिया केमिकल्सच्या निकालात सुप्रीम कोर्टानं ती अट रद्द केली. रिट, म्हणजे घटनेखालचा अर्ज, घेऊन थेट हायकोर्टात धावू नका. डीआरटीचा मार्ग असताना हायकोर्टानं सहसा हात घालू नये, असं २०१० च्या सत्यवती टंडन निकालात सांगितलंय. तारण शेतजमिनीचं असेल तर कलम ३१ आधी वाचा, हा कायदा तिला लागत नाही. आणि नोटीस मिळाल्यावर बँकेच्या लेखी संमतीशिवाय तारण विकायचं नाही.

मी खाली थांबतो. पाकीट घेऊन आलेल्यांनी ते कोणत्या तारखेला हातात पडलं, तेवढं आठवून ठेवा.