त्सुकिजीची सकाळ: मासे तोयोसूला गेले, मग इथे पैसे देऊन फिरायचं कशासाठी?

नमस्कार मंडळी! टोकियोला निघालेलं कुणीही भेटलं की तिथल्या मासळी बाजाराबद्दल, त्सुकिजीबद्दल, एक प्रश्न हमखास येतो: "अगं, त्सुकिजी बंद झालं ना?" झालं, पण अर्धंच. आणि जे अर्धं उरलंय, त्यातलं सगळ्यात भारी काय आहे ते बघायचं राहून जातं, कारण सगळे काडीला टोचलेल्या खेकड्यामागे धावत असतात. आज आपण गाइडबरोबरच्या सकाळच्या खाद्यफेरीबद्दल बोलू. ती घ्यावी का, आणि घेतली तर वेळ कुठे घालवावा.

[पडद्यावर: त्सुकिजी आणि तोयोसूचा नकाशा]

इथे दोन बाजार होते. आतला म्हणजे घाऊक: लिलाव, बर्फ, रबरी बूट, ट्रक. बाहेरचा म्हणजे त्याच्या कुंपणाला लागून वाढलेल्या चारेकशे दुकानांच्या गल्ल्या. १९२३ च्या भूकंपात निहोनबाशीचा जुना मासळी बाजार उद्ध्वस्त झाला, म्हणून तो इकडे हलवला, आणि १९३५ मध्ये आतला बाजार रीतसर सुरू झाला. ६ ऑक्टोबर २०१८ हा त्याचा शेवटचा दिवस. ११ ऑक्टोबरला तोच बाजार दोनेक किलोमीटरवर तोयोसूला उघडला. बाहेरच्या गल्ल्या मात्र जागच्या हलल्या नाहीत.

त्यामुळे बुकिंग करताना आधी हे बघा, की फेरी नेमकी कुठल्या बाजाराची आहे. तोयोसूला बंदिस्त, थंड ठेवलेल्या मोठाल्या इमारती आहेत. पहाटे साडेपाचच्या सुमाराला ट्यूनाचा लिलाव सुरू होतो आणि तुम्ही तो वरून, काचेतून बघता. थोडं जवळून बघायचं तर आधी अर्ज करायचा आणि सोडतीत नाव यायची वाट बघायची. बघायला छान आहे, पण तिथे वस्तू हातात घेता येत नाही, विचारता येत नाही. खायचं आणि बोलायचं असेल तर त्सुकिजीच.

आणि पाचला उठून इथे येऊ नका! त्सुकिजी उओगाशी म्हणून मासळीची जी नवी इमारत आहे, तिथे नऊपर्यंतची वेळ हॉटेलवाल्यांच्या खरेदीची. बाकीच्यांनी नऊनंतर यावं अशी बाजाराचीच विनंती आहे. बहुतेक फेऱ्या म्हणूनच आठ-नऊला निघतात आणि तीनेक तास चालतात. न्याहारी न करता या.

[चालत बोलताना: स्टेशनाबाहेर, मागे होंगवानजी]

बाजारात शिरण्याआधी दोन मिनिटं इथे थांबूया. हे त्सुकिजी होंगवानजी, बौद्ध मंदिर. वरची ती कमान नीट बघा. कार्ल्याला किंवा अजिंठ्याला गेला असाल तर ओळख पटेल. चैत्यगृहाच्या दर्शनी भागावर असते ती पिंपळपानी कमान! इतो चूता नावाच्या वास्तुविशारदाने हे मंदिर बांधलं, १९३४ मध्ये ते पूर्ण झालं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हा माणूस चीन, भारत, तुर्कस्तान असा अभ्यासासाठी हिंडला होता. फेरीत गाइड बरेचदा याच्या पायऱ्यांवर गट गोळा करतात आणि लगेच पुढे निघतात. तुम्ही दहा मिनिटं आधी या आणि आत डोकावून घ्या. आत चक्क पाइप ऑर्गन आहे.

आता बाजार. पहिल्या गल्लीत शिरलात की डावीकडे-उजवीकडे भाजलेले स्कॅलॉप, कालवं, खेकड्याचे पाय, गोमांसाच्या काड्या आणि त्यावर उनी, म्हणजे समुद्री साळूचा (सी अर्चिनचा) मऊ गर. एकेका काडीला काही हजार येन. मी स्पष्ट सांगते, हा सगळा प्रकार पर्यटकांसाठी उभा राहिलाय. खाऊ नका असं नाही, कालवं मस्तच असतात. पण याच्यासाठी गाइडची गरज नाही, बोट दाखवलं की मिळतं.

गाइडची गरज लागते ती पुढच्या दुकानात.

[जवळून: कात्सुओबुशीचा तुकडा हातात]

हा कात्सुओबुशी. लाकडाचा तुकडा नाही, मासा आहे. कात्सुओ, म्हणजे आपल्याकडच्या कुप्याच्या कुळातला मासा. आपण आगोटीला सुकट-बोंबील भरून ठेवतो तसाच हाही साठवणीचा, पण इथे नुसतं उन्हात वाळवून भागत नाही. आधी मासा कापून उकळत्या पाण्याच्या किंचित खाली शिजवायचा, काटे काढायचे, मग लाकडाच्या धुरात पुन्हा पुन्हा धुरी द्यायची. साधा प्रकार इथेच संपतो. उंची प्रकारात मग त्यावर मुद्दाम विशिष्ट बुरशी वाढवतात, उन्हात ठेवतात, खरवडतात, पुन्हा वाढवतात. त्यात महिने जातात. आतलं पाणी जवळजवळ सगळं निघून जातं आणि दोन तुकडे एकमेकांवर आपटले की टणटण वाजतात. कागोशिमातलं माकुराझाकी आणि शिझुओकातलं याइझु ही याची मोठी गावं.

चांगला गाइड इथे दुकानदाराला ताजा किसायला सांगतो. सुताराचा रंधा उलटा करून पेटीवर बसवलाय असं ते यंत्र असतं. त्यातून गुलाबीसर, पारदर्शक पापुद्रे पडतात. तोंडात टाका आणि चावायची घाई करू नका. पाकिटातला कात्सुओबुशी आणि हा, यात जमीन-अस्मानाचा फरक आहे.

शेजारी कोंबूचं दुकान. कोंबू म्हणजे होक्काइदोच्या थंड समुद्रातलं जाड, काळपट शेवाळ. याचा तुकडा थंड पाण्यात भिजत घालायचा, हळूहळू तापवायचं, उकळी फुटायच्या आत बाहेर काढायचा. मग कात्सुओबुशी टाकून मिनिटभर थांबायचं आणि गाळून घ्यायचं. झाली दाशी. जपानी स्वयंपाकाचा निम्मा जीव या पाण्यात आहे. १९०८ मध्ये टोकियोच्या विद्यापीठातल्या इकेदा किकुनाए यांनी कोंबूतून ग्लुटामेट हा चवीचा घटक वेगळा काढला आणि त्या चवीला उमामी नाव दिलं. पाच वर्षांनी त्यांचे शिष्य कोदामा यांनी कात्सुओबुशीतला तसाच घटक, इनोसिनेट, शोधला. दोन्ही एकत्र आले की चव नुसती मिळवली जात नाही, कित्येक पटींनी वाढते. काही दुकानांत छोट्या पेल्यात दाशी प्यायला देतात. नुसत्या कोंबूची वेगळी आणि मिश्र वेगळी मागून बघा. माझ्या मते पूर्ण फेरीचे पैसे या दोन पेल्यांत वसूल होतात.

आता आपल्याकडच्या घराघरातला प्रश्न: सोबत शाकाहारी माणूस आहे. नीट ऐका. "मासा नको" म्हटलं की ताटातला मासा जातो, दाशी जात नाही. मिसो सूपमध्ये दाशी, सोबा नूडल्सच्या चटकदार पाण्यात दाशी, शिजवलेल्या भोपळ्यात दाशी, अंड्याच्या त्या गोड वडीत, तामागोयाकीत, सुद्धा दाशी. म्हणून बुक करतानाच "कात्सुओ-दाशीही चालत नाही" असं लिहून कळवा. आयत्या वेळी बिचारा गाइड काय करणार? शाकाहाऱ्यांना इथे भाजलेली नोरी (समुद्री शेवाळाचे पातळ कागद), कोंबू, सुकी शिताके अळंबी, चहा आणि स्ट्रॉबेरी भरलेला दाइफुकू, म्हणजे तांदळाच्या पिठाच्या पारीत लाल बीन्सचं गोड सारण, एवढं बिनधास्त खाता येतं. पोट भरत नाही, पण उपाशीही राहत नाहीत.

तामागोयाकीचा विषय निघालाच आहे तर, अंडी खाणाऱ्यांनी ती गरमागरम काडीवर घ्यावी. चौकोनी तांब्याच्या तव्यावर एक माणूस एकाच वेळी पाच-सहा गुंडाळत असतो. टोकियोची गोड असते. पुढे चला.

[ट्यूनाच्या दुकानासमोर]

ट्यूना. २०१९ च्या जानेवारीत, तोयोसूच्या पहिल्याच नववर्षाच्या लिलावात २७८ किलोचा एक मासा ३३ कोटी ३६ लाख येनला गेला. ही बातमी वाचून लोक इथे येतात आणि किंमत विचारून घाबरतात. ती बोली जाहिरातीची होती, घेणारा सुशीच्या साखळी दुकानांचा मालक होता. रोजचा भाव तसा नसतो.

ताटलीत तीन तुकडे मागा: लाल आकामी, मधला चूतोरो आणि पोटाकडचा, पांढुरक्या रेषांचा ओतोरो. याच क्रमाने खा. आधी ओतोरो खाल्लात तर आकामी पाणचट लागतो. गंमत म्हणजे आज सगळ्यात महाग असलेल्या या चरबीच्या भागाला एदो काळात, म्हणजे सतराव्या ते एकोणिसाव्या शतकात, कुणी विचारत नव्हतं, तो लवकर खराब व्हायचा. थंड ठेवून साठवायची सोय झाली आणि त्याचं नशीब पालटलं. "गोठवलेला नको, ताजाच द्या" असा हट्टही धरू नका. खोल समुद्रातल्या बोटी पकडल्या पकडल्या मासा उणे ६० अंशांपर्यंत गोठवतात आणि तो उत्तम असतो.

सामनचं ऐकून तर धक्का बसेल. कच्चा सामन सुशीत घालायची जपानची जुनी पद्धतच नव्हती. इथल्या सामनमध्ये परजीवी असायचे, म्हणून तो शिजवून किंवा खारवून खात. १९८० च्या दशकात नॉर्वेने आपला मत्स्यशेतीतला सामन विकण्यासाठी मोहीम चालवली, तेव्हा कुठे तो भातावर चढला.

आणि हो, हे बघून घरी गेल्यावर बाजारातली सुरमई कच्ची खायचा प्रयोग करू नका! कच्चा खायचा मासा बोटीवरच वेगळा हाताळतात: लगेच मारणं, रक्त काढणं, बर्फ, सगळं ठरलेलं.

वसाबीचं मूळ दिसलं तर थांबा. बहुतेक हॉटेलांतली हिरवी चटणी म्हणजे हॉर्सरॅडिश नावाचं दुसरंच तिखट मूळ, रंगवलेलं. खरं मूळ गोल फिरवत बारीक किसतात आणि त्याचा झणका काही मिनिटांतच उतरतो, म्हणून ते आयत्या वेळीच किसायचं. ते गोडसर लागतं. सुऱ्यांची दुकानंही इथेच, एका बाजूनेच धार असलेल्या, साशिमी, म्हणजे कच्च्या माशाचे काप, करायच्या. विकत घेतलीत तर सामानात टाका, केबिन बॅगेत नाही.

[देवळासमोर]

फेरी बहुधा इथे संपते, नामियोके इनारी देवळात. ही सगळी जमीन समुद्रात भराव टाकून केलेली. सतराव्या शतकात लाटा बांध पुन्हा पुन्हा फोडत होत्या, मग पाण्यात तरंगणारी इनारी या देवतेची मूर्ती सापडली, तिची स्थापना केली आणि लाटा शमल्या, अशी कथा आहे. देवळाचं साल १६५९ सांगतात. पण मला आवडतात ते आवारातले दगड: सुशीसाठी एक, अंड्यासाठी एक, कोळंबीसाठी एक. ज्यांच्या जिवावर आपण पोट भरतो त्यांचे आभार म्हणून त्या-त्या धंद्यातल्या लोकांनी ते उभारलेत.

रीत थोडक्यात. चालत-चालत खायचं नाही, दुकानासमोर उभं राहून संपवायचं आणि काडी-कागद त्याच दुकानात परत द्यायचा. मासळीला हात लावायचा नाही, फोटोआधी विचारायचं, चाकांची बॅग हॉटेलवर ठेवायची. गल्ल्या दोन माणसांच्या रुंदीच्या आहेत.

गाइड कुणी घ्यावा? जपानी येत नसेल आणि सुक्या मालाच्या दुकानात बोलायचं असेल तर नक्की घ्या, शक्यतो लहान गटाचा. नुसतं खायचं असेल तर पैसे वाचवा आणि त्यात ओतोरो खा. टोकियोतल्या निशी-कासाई भागात आपल्या भारतीय लोकांकडे उतरला असाल तर तोझाई लाइनने कायाबाचो, तिथून हिबिया लाइनने दुसरं स्टेशन त्सुकिजी.

रविवारी, सुट्टीच्या दिवशी आणि बऱ्याच बुधवारी दुकानं बंद असतात, तेव्हा बाजाराचं कॅलेंडर बघूनच तारीख ठरवा. डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात नववर्षाच्या खरेदीला सगळं टोकियो इथे लोटतं. त्या दिवसांत फेरीबिरी विसरा. यायचंच असेल तर पिशवी आणि रोख पैसे घेऊन खरेदीला या.