अमावास्येचे पेटते पाणी

गुहागरची पुळण, पाठीशी सुरूचे बन आणि डोक्यावर अमावास्येची रात्र. अंधार इतका दाट आहे की पाणी नेमके कुठवर आले आहे, हे फक्त आवाजावरून ओळखावे लागते. एवढ्यात एक लाट फुटते आणि तिच्या माथ्यावरून, या टोकापासून त्या टोकापर्यंत, फिकट निळसर उजेडाची रेघ धावत जाऊन विझते. ओल्या वाळूत पाऊल टाकावे तर टाचेभोवती ठिणग्या उमटतात. मागे वळून पाहीपर्यंत त्या मावळलेल्याही असतात.

खाडीतल्या गिऱ्ह्याच्या, म्हणजे पाण्यातल्या भुताच्या, गोष्टी ऐकत जिथे पिढ्या वाढल्या, तिथे हा उजेड पाहून एखाद्याने मुकाट्याने घरची वाट धरली असेल, तर त्याला हसण्याचे कारण नाही.

हा उजेड नॉक्टिल्युका सिंटिलान्स नावाच्या एकपेशीय जिवाचा आहे. बादलीभर पाणी घेऊन दिवसा उजेडाकडे धरले, तर भिजलेल्या साबुदाण्याच्या बारीक कणीसारखे, जेमतेम अर्ध्या मिलिमीटरचे पारदर्शक ठिपके त्यात तरंगताना दिसतात. रात्री त्याच बादलीत हात फिरवला की बोटांमागे उजेड ओढला जातो आणि हात थांबला की पाणी पुन्हा काळे होते. पाण्याच्या हालचालीने पेशीच्या आवरणावर ताण पडतो, त्यातून एक विद्युत संदेश पेशीभर पसरतो, आतल्या सूक्ष्म कणांमधली आम्लता वाढते आणि ल्युसिफेरेझ या विकराच्या मदतीने ल्युसिफेरिनचा प्राणवायूशी संयोग होतो. हे सारे घडून प्रकाश विझायला सेकंदाचा दहावा भागही पुरतो. बोलताना याला सर्रास ‘फॉस्फरस’ म्हटले जाते. फॉस्फरस जळण्याशी मात्र या उजेडाचा काही संबंध नाही, आणि त्यात उष्णताही जवळजवळ नसते.

एवढ्याशा जिवाने उजेड करून स्वतःला उघडे का पाडावे? अभ्यासकांचा एक तर्क असा आहे की, त्याला खायला आलेल्या लहानशा कवचधारी जिवाच्या हालचालीनेच हा दिवा लागतो आणि त्या उजेडात तो भक्षकच एखाद्या माशाच्या नजरेस पडतो. थोडक्यात, चोर घरात शिरताच बोंब मारून शेजाऱ्यांना जागे करण्याचा हा प्रकार आहे.

२०२० च्या नोव्हेंबरमध्ये जुहू आणि देवगडच्या किनाऱ्यांवरील अशा लाटांची छायाचित्रे मोबाइलवरून घरोघरी पोहोचली. त्यांतला गडद निळा रंग पाहून किनाऱ्यावर आलेल्यांची थोडी निराशा होते, हेही इथेच सांगितलेले बरे. कॅमेरा काही सेकंद उघडा राहून उजेड साठवत जातो; अंधारात आपल्या डोळ्याला रंग नीट कळत नाही, त्यामुळे त्याला तोच उजेड फिकट, निळसर-पांढुरका भासतो.

हिवाळ्यात अरबी समुद्राच्या उत्तर भागात कोरड्या, गार वाऱ्यांनी वरचे पाणी थंड व जड होऊन खाली जाते आणि खालचे पोषक पाणी वर येते. त्यावर सूक्ष्म वनस्पती फोफावतात आणि नॉक्टिल्युकाचे फावते. त्याची संख्या फार वाढली की दिवसा पाण्यावर हिरवट तवंग दिसतो. त्याच्या पेशीत अमोनिया साठलेला असतो आणि हा थर मरून कुजू लागला की पाण्यातला प्राणवायू घटतो. दोन्ही गोष्टी मासळीला बाधतात.

याच समुद्रात, सोमालियाच्या बाजूला, १९९५ च्या जानेवारीत ‘लिमा’ या ब्रिटिश व्यापारी जहाजाने आणखी वेगळा प्रकार पाहिला. क्षितिजापर्यंत पाणी दुधासारखे, न लुकलुकता, सलग उजळलेले होते. पुढे उपग्रहाच्या जुन्या नोंदी तपासल्या तेव्हा तो उजेड सुमारे १५,४०० चौरस किलोमीटरवर पसरलेला आढळला. रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे दोन्ही जिल्हे त्यात मावून जागा उरली असती. असा स्थिर प्रकाश जिवाणूंचा मानला जातो. आपल्या पुळणीवरचा उजेड तसा नव्हे. त्याला पेटायला धक्का लागतो.

म्हणूनच काळोख्या रात्री होडीतला माणूस आधी पाण्याकडे पाहतो. खालून मासळीचा थवा सरकला की उजेडाचा एक ढग सरकतो आणि जाळे कुठे टाकावे ते कळते. पण जाळे पाण्यात पडताच त्याचा प्रत्येक फासा उजळून निघतो. तो मासळीलाही दिसतो. ढग क्षणभर थबकतो, दुभंगतो आणि होडीच्या दोन्ही अंगांनी खोल पाण्याकडे निघून जातो.