खांद्यावरचा दगड

[दृश्य: गावचौक. फळ्यांच्या मंचावर ग्रॅनाइटचे चार दगड.]

स्पेनच्या उत्तरेकडच्या बास्क प्रदेशात दगड उचलायच्या पैजा फार जुन्या. पूर्वी हाती लागेल तो धोंडा चालायचा. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ‘आर्तेओंदो’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या बित्तोर साबालाने घडवलेले दगड रूढ केले, तेव्हा कुठे दोन गावांच्या गड्यांची बरोबरी लावता आली. आज आकार चार: दंडगोल, घन, लांबट ठोकळा आणि गोळा. वजन अर्रोबात सांगतात. एक अर्रोबा साडेबारा किलोंचा धरतात, म्हणजे आठ अर्रोबांचा दगड 100 किलोंचा, दहाचा 125.

[दृश्य: बाजूने, गुडघ्याच्या उंचीवरून.]

समोरून बघितलं तर दगडाआड गडीच दिसत नाही, म्हणून कॅमेरा बाजूला.

पहिली ओढ मांड्यांपर्यंत. बोटं खाचेत, हात सरळ, जोर पायांचा. इथे कोपर वाकवून ओढणाऱ्याच्या दंडाचा स्नायू फाटू शकतो. दगड मांड्यांवर आला की गडी अर्धवट बसतो, पकड बदलतो, दगडाला कवटाळतो. ही बैठक नवख्याला वेळखाऊ वाटते आणि तो ती उरकतो. मग दगड पोटापासून सुटा राहतो आणि सगळा भार कंबरेवर येतो. बैठक नीट जमली, तर पाय ताठ करत, कंबर पुढे रेटत आणि मागे झुकत दगड पोटावरून छातीवर चढवता येतो. तिथून शेवटचा रेटा खांद्यावर.

[दृश्य: कातडी बंडी, रुंद कमरपट्टा. जवळून.]

बंडी शोभेची नाही. घनाची कड छाती सोलून काढते. गोळ्याला कड नाही, पण धरायला खाचही नाही. बोटं फाकवून तो खालूनच कवेत घ्यावा लागतो.

दगड खांद्यावर ताब्यात आला, तरच पंच उचल मोजतात. मग तो गादीवर सोडायचा. शेजारचा सोबती, बोतियेरो, वेळ सांगतो, धीर देतो आणि मुख्य म्हणजे गड्याची घाई आवरतो.

[दृश्य: लेइत्सा, नवार्रा.]

याच गावच्या इन्याकी पेरुरेनाने, धंद्याने खाटीक, 1987 मध्ये 300 किलोंचा दगड खांद्यावर घेतला. पुढे गावच्याच मिएल्चो सारालेगीने 329 किलोंपर्यंत मजल मारली. बातम्या अशा आकड्यांच्याच होतात. पण गडी ओळखावा तो दहा मिनिटांच्या फेरीत. एकच दगड, जितक्या वेळा जमेल तितक्या वेळा. पहिल्या दोन मिनिटांत धावणाऱ्याच्या मनगटापासून कोपरापर्यंतचे स्नायू दगडासारखे होतात, पकड सुटते, दगड छातीवरून घसरतो. त्या उचलीचं बळ गेलं आणि मोजणीही नाही.

[दृश्य: फेरीची शेवटची दोन मिनिटं. सलग, कात्री न लावता. निवेदन नाही.]