खुराक आणि पैज

(दृश्य : गंगावेश, दिवेलागण. म्हशीची धार.)

गिऱ्हाइकासमोर धार काढायची आणि फेसासकट ग्लास हातात द्यायचा, ही गंगावेशीची रीत. तालमीतलं पोरगं तो एका दमात संपवतं आणि दुसरा मागतं. कोल्हापुरात याला खुराक म्हणतात. दूध, तूप, बदामाची थंडाई, जे काही पोटात जाईल ते शेवटी लाल मातीत जिरवायचं.

पण खाणं हीच कुस्ती असेल तर?

(दृश्य : खासबाग मैदान, रिकामं.)

४ जुलै २००१. न्यूयॉर्कचं कोनी आयलंड. हॉटडॉग, म्हणजे लांबट पावात घातलेलं सॉसेज, खाण्याची दरवर्षीची स्पर्धा. आदल्या वर्षीचा विक्रम पंचविसाच्या जरा वर. आडदांड गड्यांच्या रांगेत ताकेरू कोबायाशी नावाचा एक सडपातळ जपानी पोरगा उभा राहिला. त्यानं १२ मिनिटांत ५० हॉटडॉग संपवले. आयोजकांकडचे आकड्यांचे फलक संपले, पुढचे आकडे हातानं लिहावे लागले!

ताकदीपेक्षा डाव मोठा, हे वस्तादांना वेगळं सांगायला नको. बाकीचे गडी हॉटडॉग जेवणासारखा खात होते. यानं त्याचे भाग पाडले. सॉसेज मधोमध मोडून दोन्ही तुकडे एकदम तोंडात, पाव वेगळा काढून पाण्यात बुडवून गिळायचा. कटात ब्रेड बुडवणाऱ्या गावाला यात नवं काय? फक्त आपण ते साध्या पाण्यात करत नाही, एवढंच.

सलग सहा वर्षं तो हरला नाही. २००७ मध्ये जबडा दुखावलेला असताना उतरला, ६३ खाल्ले. जोई चेस्टनटनं ६६ खाल्ले. पुढं करारावरून आयोजकांशी बिनसलं. २०१० साली तो नुसता बघायला गेला, शेवटी मंचावर चढला आणि पोलिसांनी त्याला धरून नेलं. मैदानाबाहेर ठेवलेल्या मल्लाची तगमग या गावाला कळेल.

(दृश्य : क्ष-किरणांची काळी-पांढरी चित्रं.)

अमेरिकेतल्या डॉक्टरांनी २००७ मध्ये अशाच एका व्यावसायिक खाणाऱ्याची तपासणी प्रसिद्ध केली. खाताना त्याचं पोट पिशवीसारखं फुगत गेलं, अन्न पुढं ढकलण्याची हालचाल जवळजवळ दिसेना. एवढं खाऊनही पोट भरल्याचं त्याला जाणवलं नाही. म्हणून एक सांगतो : हे बघून मिसळीच्या पैजा लावू नका.

२०२४ मध्ये कोबायाशीनं निवृत्ती जाहीर केली. आता भूकच लागत नाही, असं त्यानं सांगितलं. तरी सप्टेंबरात लास वेगासला जुन्या प्रतिस्पर्ध्यासमोर, चेस्टनटसमोर, तो पुन्हा उभा राहिला. वय ४६. १० मिनिटांत ६६ हॉटडॉग. चेस्टनटचे ८३.

(दृश्य : पुन्हा गंगावेश.)

पोरगं तिसऱ्या ग्लासाला हात पुढं करतंय. पहाटे जोर-बैठका आहेत त्याला. नऊच्या आत परत भूक लागणार.