आयसीयूच्या दाराबाहेर

नमस्कार श्रोतेहो. मी इंदूरची. ३१ वर्षं नर्स होते, त्यातली शेवटची १३ वर्षं हृदयरोग्यांच्या स्टेप-डाउन युनिटमध्ये काढली. आयसीयू आणि साधा वॉर्ड यांच्यामधली ही पायरी. बायपास झालेला किंवा हार्ट अ‍ॅटॅक येऊन गेलेला पेशंट जरा सावरला की त्याला इथे आणतात, आणि घरच्यांना वाटतं, सुटलो! लगेच फोनाफोनी, पेढे, सगळी कॉलनी भेटायला. थांबा जरा. पेशंट आयसीयूतून बाहेर आलाय, धोक्यातून पूर्ण बाहेर आलेला नाही. पुन्हा सांगते, आयसीयूतून बाहेर आलाय, धोक्यातून नाही.

इथे पेशंटच्या छातीवर चिकट पट्ट्या लावतात. त्यांच्या वायरी गळ्यात अडकवलेल्या एका डबीत जातात आणि ती डबी हृदयाचे ठोके बिनतारी आमच्या टेबलावरच्या पडद्यावर पाठवते. आत्ता माझा आवाज तुमच्या घरी येतोय ना, तशाच रेडिओलहरींवरून. अमेरिकेत नॉर्मन होल्टर यांनी १९४० च्या दशकाच्या शेवटी हे पहिल्यांदा जमवलं, तेव्हा ते यंत्र पाठीवर बांधून घ्यावं लागे आणि त्याचं वजन जवळपास ३८ किलो होतं. आता ते मुठीत मावतं.

आणि आता तुम्हाला आमच्या मास्तरांची गोष्ट सांगते. गणिताचे निवृत्त शिक्षक, बायपास होऊन दोन दिवस झालेले. सकाळी साडेसहाला पडद्यावर त्यांच्या रेघा एकदम उंच-उंच उड्या मारायला लागल्या. अलार्म किंचाळतोय. अशा रेघा म्हणजे हृदयाचा खालचा कप्पा बेफाम धावतोय, क्षणभरही थांबायचं नाही. आम्ही दोघीजणी ट्रॉली घेऊन पळालो. बघतो तर मास्तर पलंगावर बसून खसाखसा दात घासतायत! हात हलला की छातीवरच्या पट्ट्या हलतात आणि पडद्यावर हुबेहूब तशाच रेघा उमटतात. आम्हाला हे शिकवलेलं असतं, तरी दर वेळी पाय लटपटतात. मास्तर ओशाळले. मी म्हटलं, "सर, तुम्ही घासा दात, पळायचं काम आमचं."

दुसऱ्या दिवशी पुन्हा तीच वेळ, तोच पलंग, तोच अलार्म. आणि श्रोतेहो, माझ्या मनात काय आलं सांगू? घासत असतील दात. माझ्या हातात दुसऱ्या पेशंटची औषधं होती. मी दोन पावलं त्याच्याकडे गेलेसुद्धा. मग सहज मान वळवली, तर मास्तरांचा ब्रश ग्लासात. कोरडा. मास्तर उशीला टेकलेले, कपाळावर घाम. "सर, काय होतंय?" तर म्हणाले, "आज दात घासायचंच जिवावर आलंय वो, सिस्टर."

मी मनगट धरलं. नाडी धावत होती आणि तिला ताल नव्हता. तीन ठोके भरभर, मग गॅप, मग दोन, मग परत भरभर. हृदयाचे वरचे कप्पे थरथरायला लागले होते. बायपासनंतर चारातल्या एकाला तरी हे होतं, आणि बहुतेकदा दुसऱ्या ते चौथ्या दिवसातच, म्हणजे नेमकं घरचे निर्धास्त झाल्यावर. डॉक्टर आले, रक्त तपासलं, लघवीच्या औषधाने पोटॅशियम उतरलं होतं. ते भरून काढलं, ताल सावरायचं औषध शिरेतून सुरू केलं, आणि दिवेलागणीला पडद्यावर शहाण्यासारख्या रेघा आल्या. त्या रात्री घरी मला जेवण गेलं नाही. दोन पावलं, श्रोतेहो. तेव्हापासून माझ्या हाताखाली आलेल्या प्रत्येक मुलीला मी एकच सांगितलं: आधी मनगट, मग मॉनिटर. आधी मनगट, मग मॉनिटर.

नाडी मोजायला तर शाळेतच शिकवायला हवी. पाढ्यांइतकीच ती उपयोगाची आहे. आणि एका नर्सकडे माणसं किती द्यायची, हेही कायद्याने ठरायला हवं. अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्यात स्टेप-डाउनमध्ये एका नर्सकडे तीनच पेशंट, असा नियम आहे. मी एका रात्री नऊ सांभाळलेत. नऊ मनगटं एका वेळी कशी धरणार?

आता घरच्यांनी काय करायचं, ते थोडक्यात. पेशंटला उठवताना दंडाला धरून ओढू नका. छातीचं हाड तारेने बांधलेलं असतं, जुळायला दीड-दोन महिने लागतात. खोकला आला की छातीशी उशी घट्ट धरायला द्या. फुप्फुसांच्या व्यायामासाठी तीन प्लास्टिकच्या गोळ्यांचं ते फुंकणी यंत्र असतं ना, त्यात श्वास आत ओढायचा असतो, फुंकायचं नसतं. आत ओढायचा. आणि भेटायला येताना आधी हात धुवा. आपलं इंदूर २०१७ साली स्वच्छतेत देशात पहिलं आलं, पुढे वर्षानुवर्षं पहिलंच राहिलं, रस्त्यावर कागद टाकायला आपला हात धजत नाही. मग तोच हात न धुता टाक्यांच्या पट्टीला कसा लावतो आपण?

खाण्याचं म्हणाल तर डब्यातून शेव आणू नका. पोह्यांवर जिरावण मसालाही नको, त्यात मीठच मीठ असतं. मीठ पाणी धरून ठेवतं आणि ते पाणी फुप्फुसात साठतं. म्हणून घरी गेल्यावरही रोज सकाळी लघवीला जाऊन आल्यावर, चहाच्या आधी, त्याच काट्यावर वजन करायचं आणि भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहायचं. दोन-तीन दिवसांत दोन किलो वाढलं तर "खाणं अंगी लागलं" म्हणून खूश होऊ नका, त्याच दिवशी डॉक्टरांना फोन करा.

मास्तर आठव्या दिवशी घरी गेले. महिन्याने तपासणीला आले तेव्हा कॅलेंडर गुंडाळी करून बरोबर आणलं होतं. रोजच्या चौकोनात दोन आकडे, वजनाचा आणि नाडीचा. नाडी स्वतः मोजलेली, पूर्ण एक मिनिट. नमस्कार.