गानेलिन: सिनेमातला आणि सिनेमाबाहेरचा

निमंत्रणपत्रिकेत विषय छापलाय 'व्याचेस्लाव गानेलिन यांची चित्रपट-कारकीर्द'. गानेलिन म्हणजे सोव्हिएत लिथुआनियातले संगीतकार आणि जॅझ पियानोवादक. विषयाकडे येतोच. आधी माझी एक जुनी तक्रार ऐकून घ्या.

मी ज्या फिल्म सोसायटीत जातो, तिथे सिनेमा संपून नामावली सुरू झाली रे झाली की ऑपरेटर दिवे लावतो. लोक चपला शोधायला लागतात. संगीत कुणाचं, हे वाचायच्या आत पडदा पांढरा! एकदा मी ओरडलो, तर शेजारचे गृहस्थ म्हणाले, "अहो, लिथुआनियन नाव, वाचलं तरी लक्षात राहणार आहे का?" (हशा) नाव लिथुआनियन नव्हतंच. गानेलिन १९४४चे, जन्म मॉस्कोजवळचा, ज्यू घरातला. वाढले मात्र लिथुआनियाच्या राजधानीत, विल्नियसमध्ये.

सिनेमा होता १९७४चा 'वेल्निओ नुओताका', म्हणजे सैतानाची नवरी. काझिस बोरुता यांची कादंबरी, सिगितास गेदांची गीतं, दिग्दर्शक अरूनास झेब्रिउनास. पिंचुकास हा सैतान गिरणीवाल्याला नवरी मिळवून देतो आणि बदल्यात त्याची होणारी मुलगी मागून घेतो. पुढे ती युर्गा मोठी होते, गिर्दवाइनिस नावाचा तरुण तिला मागणी घालायला येतो आणि सगळा घोळ होतो. गंमत बघा, पडद्यावर सैतान झालेल्या नटाचं आडनाव गिर्दवाइनिस, आणि गिर्दवाइनिसच्या भूमिकेत आदोमाइतिस! नामावली वाचली नाही, तर ही मजा कशी कळणार? संवाद जवळजवळ नाहीत, सगळं गाण्यातून पुढे सरकतं. लिथुआनियाचा पहिला संगीतपट म्हणून त्याचं नाव घेतात आणि त्यातली गाणी तिथे आजही म्हटली जातात.

अध्यक्ष घड्याळ दाखवताहेत. पाच मिनिटं, साहेब.

तर दुसरे गानेलिन. ढोलवादक तारासोव आणि सॅक्सोफोनवाले चेकासिन यांच्याबरोबर ते मुक्त जॅझ वाजवायचे, म्हणजे ठरीव चाली न पाळता, सुचेल तसं. दोघंही व्लादिमिर, त्यामुळे हाक मारायची पंचाईत. चेकासिन तर एकाच वेळी दोन सॅक्सोफोन तोंडात धरायचे. या त्रिकुटाच्या टेपा चोरून सोव्हिएत संघाबाहेर गेल्या. लंडनच्या लिओ रेकॉर्ड्सने तबकड्या काढल्या, आणि वर छापलं की हे प्रसिद्ध होण्याची जबाबदारी संगीतकारांवर नाही! घरच्या सरकारकडून त्रास होऊ नये, म्हणून. इथे नाव ठळक, पण हात वर केलेले.

आता मूळ मुद्दा, घाईत. सिनेमातले गानेलिन आणि जॅझमधले गानेलिन ही दोन माणसं नाहीत, असं माझं म्हणणं आहे. त्रिकूट बेभान वाटतं, पण लांबलचक रचनेचा सांगाडा बहुतेक गानेलिननी आधीच बांधलेला असे. कुठे चढायचं, कुठे थांबायचं, कुठे विनोद करायचा, हे सिनेमाला आणि नाटकाला संगीत देणाऱ्याचं भान आहे. तिकडे सिनेमातल्या सैतानाच्या गाण्यांत जॅझवाल्याचा खट्याळपणा ऐकू येतो. १९८७मध्ये ते इस्रायलला गेले आणि त्रिकूट मोडलं. तिथलं काम राहिलंच सांगायचं.

बरं, गिरणीचं गाणं लावा. आणि नामावली संपेपर्यंत दिव्याला हात लावू नका.