बुंधा उघडा राहू द्या

मित्रहो, जंगलात आपोआप उगवलेल्या एखाद्या मोठ्या झाडाचा बुंधा जमिनीला टेकतो, ती जागा नीट बघा. खांब रोवावा तसा तो सरळ आत जात नाही. खाली येता येता रुंदावतो, जाडजूड मुळं चहूकडे फाकतात आणि मग मातीत शिरतात. आता बागेत लावलेलं एखादं तरुण झाड बघा. पुष्कळदा ते खांबासारखंच उभं असतं. तसं दिसलं की ते खोल लावलं गेलंय असं समजा. मला आज मुख्यतः या वीतभर जागेबद्दलच बोलायचं आहे, कारण थंड हवामानातली कितीतरी सुंदर झाडं इथेच मार खातात.

मला हे एका रोवनने, म्हणजे थंड प्रदेशातल्या एका छोटेखानी झाडाने, शिकवलं. वसंत सरताना पांढऱ्या फुलांचे गुच्छ, शरदात लाल-केशरी फळांचे घोस, आणि ती फळं खायला येणारे पक्षी. यासाठीच मी ते लावलं होतं. सहाव्या वर्षी भर उन्हाळ्यातच त्याच्या एका बाजूची पानं लाल होऊ लागली. मी पाणी वाढवलं, खत घातलं. पुढच्या वर्षी त्याच बाजूची एक फांदी वाळली. शेवटी गुडघे टेकून खुरप्याने बुंध्याभोवतीची माती काढायला बसलो. चार बोटं खाली गेलो, सहा बोटं गेलो, तरी खोड सरळच. वीतभर खाली गेल्यावर खरा बुंधा लागला, आणि त्याच्याभोवती अंगठ्याएवढं जाड एक मूळ, अर्ध्याहून जास्त वेढा घालून बसलेलं. त्याखालची साल दबून काळी पडली होती. ते मूळ मी छिन्नीने तोडलं. झाड जगलं, पण ती बाजू पुन्हा भरली नाही.

असं का होतं? रोपवाटिकेत रोप लहान कुंडीतून मोठ्या कुंडीत जातं, आणि दर वेळी वर थोडी माती पडते. कुंडीच्या भिंतीला लागून मुळं गोल फिरतात. तेच रोप आपण तसंच खड्ड्यात ठेवतो, वर आणखी माती ओढतो आणि पायाने दाबतो. खोडाची साल उघड्या हवेसाठी घडलेली असते, ओल्या मातीत ती कुजते. मुळांना श्वास घ्यायला हवा लागते, म्हणून झाडाची बहुतेक मुळं वरच्या अर्ध्या मीटरभर मातीतच असतात आणि फांद्यांच्या घेराच्या कितीतरी पलीकडे पसरतात. सोटमूळ खोल पाताळात जातं हे चित्र बहुतेक मोठ्या झाडांना लागू पडत नाही.

म्हणून खड्डा खोल नको, रुंद हवा. मुळांच्या गोळ्याच्या दुप्पट-तिप्पट रुंद, आणि खोली फक्त गोळ्याएवढी. गोल फिरलेली मुळं आधी सोडवा, सुटत नसतील तर कापा. खड्ड्यातून निघालेलीच माती परत भरा. पानगळ झाल्यापासून डोळे फुटेपर्यंतचा काळ लागवडीला उत्तम, फक्त जमीन गोठलेली नको. आधाराची काठी खोडाच्या खालच्या तिसऱ्या हिश्शातच बांधा आणि वर्षभराने काढून टाका, कारण वाऱ्यात हलल्यानेच खोड जाड होतं. सालपटांचं आच्छादन पाच-सात सेंटिमीटर पुरे, पण ते खोडाला चिकटू देऊ नका. आणि गवत! कोवळ्या झाडाच्या तोंडचं पाणी गवत पळवतं. मीटरभर घेर स्वच्छ ठेवलात तर तेवढ्यानेही झाडाची वाढ बदललेली दिसेल.

आता ‘देशी’ या शब्दाविषयी. शुगर मेपल ईशान्य अमेरिकेत देशी, युरोपात पाहुणा. पण नुसती जात देशी असून भागत नाही, बी कुठलं हेही बघावं लागतं. उबदार भागातल्या बियांपासून वाढलेलं त्याच जातीचं झाड थंड प्रदेशात कधी कधी लवकर जागं होतं आणि उशिरा पडलेल्या हिमदवाने त्याचे कोवळे कोंब करपतात. जमेल तिथे जवळच्या रानातलं, परवानगी घेऊन गोळा केलेलं बी लावा. रोवनच्या फळांचा गर धुऊन टाका, बी ओल्या वाळूत मिसळून एक हिवाळा बाहेर ठेवा. हॉथॉर्न या काटेरी झुडपाच्या बियांना मात्र बहुधा दोन हिवाळे लागतात. पहिल्या वसंतात काही उगवलं नाही म्हणून ती कुंडी रिकामी करू नका. आपल्या भूर्जपत्राच्या गोतातल्या बर्चचं बी बारीक, त्याला उजेड हवा. ते मातीवर नुसतं भुरभुरायचं.

छाटणीबद्दल थोडक्यात. अमेरिकी वनखात्यातले अ‍ॅलेक्स शिगो यांनी असंख्य झाडं उभी चिरून दाखवलं की झाड आपली जखम भरत नाही, तिला आतून भिंत घालून वेगळं काढतं. फांदीच्या मुळाशी फुगीर कडं असतं. ते शाबूत ठेवून कापा, आणि जखमेवर रंग फासू नका. बर्च आणि मेपल वसंताच्या तोंडावर कापले की रस गळत राहतो, त्यांना भर उन्हाळ्यात हात लावा. चेरीलाही कोरड्या उन्हाळ्यातच, म्हणजे पानं रुपेरी करणाऱ्या बुरशीचा धोका कमी राहतो.

ज्यांची झाडं आधीच खोल गेली आहेत, त्यांनी घाबरून जाऊ नये. लावून दोन-तीन वर्षंच झाली असतील तर झाड पानगळीनंतर उचलून वर घेता येतं. त्याहून जुनं असेल तर हातानेच माती काढत जा, मुळं फाकलेली दिसेपर्यंत, आणि बुंध्याभोवती उथळ बशीसारखी जागा मोकळी ठेवा. पहिल्याच दिवशी सगळं उकरू नका. वेढा घातलेलं मूळ दिसलं तर एका हिवाळ्यात एकच तोडा, आणि पुढचा उन्हाळाभर त्या झाडाला पाणी कमी पडू देऊ नका.